जुनी कॅसेट नव्या यंत्रात कशी चालते?

दिवाळीच्या सुट्टीनंतर कॉलेज उघडले, त्या आठवड्यातील ही गोष्ट. प्रात्यक्षिकांचा तास आटोपला, मुले पांगली. एक विद्यार्थी मात्र टेबलाशी घुटमळत राहिला. त्याने पिशवीतून तीन वस्तू काढून माझ्यापुढे ठेवल्या. पहिली वस्तू म्हणजे 'गेम बॉय अ‍ॅडव्हान्स' हे हातात धरून खेळण्याचे यंत्र, दुसरी 'टेट्रिस' या खेळाची करड्या रंगाची कॅसेट आणि तिसरी 'पोकेमॉन रेड'ची लाल कॅसेट. तिन्ही वस्तू त्याच्या आतेभावाच्या. आतेभावाचे बालपण दुबईत गेले. आता तो नोकरीला लागला आहे आणि माळा आवरताना सापडलेला हा ठेवा त्याने धाकट्या भावाला देऊन टाकला होता.

"सर, हे यंत्र २००१ साली बाजारात आले आणि टेट्रिसची कॅसेट आहे १९८९ सालची. तरी खेळ बिनतक्रार चालतो," तो म्हणाला. "पण माझ्या मित्राकडे निन्टेंडो डीएस आहे. ते याच्याहून नवे, याच्याहून वेगवान. त्यात मात्र ही कॅसेट शिरतसुद्धा नाही. असे का? आणि सर, या लाल कॅसेटमध्ये दादाने शाळेत असताना खेळून ठेवलेला खेळ अजून आहे. तो असाच राहील ना?"

पहिल्या दोन प्रश्नांची उत्तरे मला त्या संध्याकाळी देता आली. तिसऱ्यासाठी मल्टिमीटर लागला. ती तिन्ही उत्तरे तुमच्यासाठी येथे जरा विस्ताराने देतो.

प्रथम कॅसेटमध्ये काय असते ते पाहू. आपल्याकडे मुले तिला कॅसेट म्हणतात, पण तिच्यात गाण्याच्या कॅसेटसारखी फीत नसते. आत एक लहानसा छापील मंडलाचा तुकडा आणि त्यावर काळ्या रंगाची चिप असते. या चिपमध्ये कारखान्यातच संख्या कायमच्या कोरलेल्या असतात. प्रत्येक संख्या ० ते २५५ यांच्या दरम्यानची. टेट्रिसच्या कॅसेटमध्ये अशा ३२,७६८ संख्या आहेत. एका पानावर हजार संख्या छापल्या तर तेहतीस पानांची वही होईल. सगळा खेळ, त्याचे ठोकळे, त्याचे संगीत, सारे काही या तेहतीस पानांत!

(जत्रेत आणि स्टेशनाबाहेर मिळणारा 'ब्रिक गेम' तुम्हांपैकी काहींनी खेळला असेल. त्यात कॅसेट नसते. खेळ यंत्राच्या पोटातच बसवलेले असतात. म्हणून त्याला जुने-नवे हा प्रश्नच पडत नाही.)

आता या संख्यांचा अर्थ कोण लावणार? तो लावतो यंत्रातील प्रोसेसर. समजा, प्रोसेसरने कॅसेटमधून ६० ही संख्या उचलली. गेम बॉयच्या प्रोसेसरला तिचा अर्थ लागतो: 'अ नावाच्या कप्प्यातील संख्येत एक मिळव.' गंमत पाहा, आमच्या प्रयोगशाळेत ८०८५ या प्रोसेसरची किट आहेत. तेथे विद्यार्थी पहिल्याच आठवड्यात जो ३सी हा आकडा टाइप करतात तो सोळाच्या पायावर लिहिलेला हाच ६०, आणि त्याचा अर्थही हाच! कारण शार्प कंपनीने गेम बॉयसाठी बनवलेला प्रोसेसर हा ८०८५ च्या घराण्यातलाच, इंटेल ८०८० आणि झायलॉग झेड-८० यांचा जवळचा नातेवाईक आहे. पण दुसऱ्या घराण्यातील प्रोसेसरला ६० चा अर्थ निराळा लागतो, किंवा लागतच नाही. कॅसेट तीच, संख्या त्याच. वाचणारा बदलला की सगळे बिघडते.

ही अडचण आपल्या घरातही असते. पणजोबांनी मोडी लिपीत लिहिलेली कागदपत्रे ट्रंकेत असतात. ती वाचायची तर दोन उपाय. मोडी जाणणारे आजोबा घरात असावेत, किंवा नातवाने मोडी अक्षरांचा तक्ता समोर घेऊन एकेक अक्षर लावीत बसावे. नव्या यंत्रांनी जुने खेळ चालवण्यासाठी हेच दोन उपाय केले आहेत.

आजोबा घरात

पहिला गेम बॉय निन्टेंडो कंपनीने जपानमध्ये २१ एप्रिल १९८९ रोजी विक्रीला आणला. गुनपेई योकोइ यांच्या विभागाने तो तयार केला होता. नवीन आणि महाग सुटे भाग वापरण्यापेक्षा जुने, स्वस्त, पुरते पारखलेले भाग नव्या कामाला लावावेत, असे योकोइ यांचे मत होते. म्हणून पडदा रंगीत नव्हता. आडवे १६० आणि उभे १४४ बिंदू, प्रत्येक बिंदूला चार छटा, बस्स. प्रोसेसरला ताल देणाऱ्या स्फटिकाचे ठोके सेकंदाला ४१,९४,३०४. ही संख्या विचित्र वाटते, पण दोनाचा बाविसावा घात काढून पाहा, म्हणजे उलगडा होईल.

१९९८ साली 'गेम बॉय कलर' आला. त्यात प्रोसेसर त्याच घराण्यातला, फक्त दोन वेगांनी चालू शकणारा: एक जुना वेग आणि एक त्याच्या दुप्पट. पडदा रंगीत, पण बिंदू तेवढेच. हा झाला पहिला उपाय, आजोबा तेच आणि चष्मा नवा! कॅसेटच्या सुरुवातीच्या भागात एका ठरलेल्या जागी एक खुणेची संख्या असते. नव्या खेळांत ती घातलेली असे. जुन्या खेळांत ती खूण नाही असे दिसले की यंत्र आपला वेग जुनाच ठेवी आणि नव्या सोयी झाकून टाकी.

पण मग जुना खेळ रंगीत कसा दिसावा? १९८९ च्या कॅसेटमध्ये रंगाची माहितीच नाही. येथे निन्टेंडोच्या तंत्रज्ञांनी जी युक्ती केली ती तुम्ही कागद-पेन्सिलीने करून पाहू शकता.

प्रत्येक कॅसेटमध्ये खेळाचे नाव रोमन अक्षरांत नोंदलेले असते आणि संगणकाच्या रिवाजाप्रमाणे प्रत्येक अक्षराला क्रमांक असतो: ए म्हणजे ६५, बी म्हणजे ६६, असे पुढे. टेट्रिसची अक्षरे घ्या. टी, ई, टी, आर, आय, एस यांचे क्रमांक ८४, ६९, ८४, ८२, ७३, ८३. बेरीज ४७५. यंत्राला मात्र २५५ पर्यंतच मोजता येते. त्यापुढे घड्याळाच्या काट्याप्रमाणे पुन्हा शून्यापासून सुरुवात होते. म्हणून ४७५ मधून २५६ वजा करा. उरले २१९. खेळ निन्टेंडोनेच प्रकाशित केलेला असेल तर यंत्र ही बेरीज आपल्या पोटातील यादीत शोधते. यादीत २१९ सापडतो आणि त्यापुढे लिहिलेले रंग टेट्रिसला मिळतात. यादीत नाव नसलेल्या खेळाला एक ठरावीक रंगसंगती मिळते. आवडली नाही तर यंत्र सुरू होताना दिशेचे बटण दाबून, किंवा त्यासोबत ए अथवा बी दाबून, दुसरी निवडता येते. चार दिशा आणि प्रत्येकीचे तीन प्रकार, म्हणजे बारा पर्याय झाले.

चौकस वाचक विचारील, दोन निराळ्या नावांची बेरीज सारखीच आली तर? येतेच! 'पोकेमॉन रेड'ची बेरीज २० येते आणि ती एकट्याचीच आहे. म्हणून तो खेळ तांबूस दिसतो. 'पोकेमॉन ब्लू'ची येते ९७, आणि ९७ दुसऱ्या एका खेळाचीही येते. अशा वेळी यंत्र नावातील चौथे अक्षर पाहून निकाल लावते. शाळेत एकाच नावाची दोन मुले असली की मास्तर आडनाव विचारतात, तसेच हे. तुमच्या वर्गातील मुलांच्या नावांवर हा प्रयोग करा. कोणाकोणाची बेरीज जुळते ते पाहा. शिक्षकांनी फळ्यावर हा तास जरूर घ्यावा. मी घेतला आहे, घंटा झालेली कोणाला कळली नाही.

असो. आता आमच्या टेबलावरचे यंत्र, २००१ चे गेम बॉय अ‍ॅडव्हान्स. त्याचा मुख्य प्रोसेसर अगदी निराळ्या घराण्यातला, 'आर्म' या नावाचा. त्याला ६० चा जुना अर्थ ठाऊक नाही. मग टेट्रिस चालतो कसा? उत्तर सोपे आहे: या यंत्रात नातू आणि आजोबा दोघेही राहतात. आर्मच्या जोडीला जुना आठ-बिटी प्रोसेसरही बसवलेला आहे. दोघे एका वेळी काम करीत नाहीत. एकाने काम घेतले की दुसरा झोपतो.

कोणाला उठवायचे हे मात्र यंत्राने कसे ठरवावे? विद्यार्थ्याला वाटत होते, आत काहीतरी हुशार प्रोग्रॅम असणार. आम्ही कॅसेट बसवण्याच्या खाचेत टॉर्चचा उजेड पाडून पाहिले. एका बाजूला चिमुकली कळ दिसली. नव्या कॅसेटीच्या कोपऱ्यांना कापा दिलेला असतो, त्यामुळे ती कळ सुटी राहते. जुनी कॅसेट आत घातली की तिच्या सरळ कडेने कळ दाबली जाते. एवढेच! दाबलेल्या कळीने दोन कामे होतात. एक, जुना प्रोसेसर जागा होतो. दुसरे काम तुम्हा विज्ञानाच्या विद्यार्थ्यांसाठी अधिक महत्त्वाचे: कॅसेटला मिळणारा विद्युत्‌दाब बदलतो. जुन्या चिपांना ५ व्होल्ट लागत, नव्यांना ३.३ व्होल्ट पुरतात. ३.३ व्होल्टच्या चिपला ५ व्होल्ट दिले तर ती जळण्याचा संभव असतो. म्हणून हा निर्णय कॅसेटमधील संख्या वाचण्याच्या आधी, केवळ आकारावरून झाला पाहिजे. बरोबरच आहे. प्लगच्या पिना जाड-बारीक का असतात, याचे उत्तरही याच जातीचे आहे.

पडदाही पाहा. अ‍ॅडव्हान्सचा पडदा २४० बाय १६० बिंदूंचा. जुने १६० बाय १४४ चे चित्र मध्ये बसते आणि भोवती काळी चौकट उरते. एल किंवा आर बटण दाबले तर चित्र आडवे ताणून २४० बिंदूंइतके रुंद होते. ठोकळे मग जरा लठ्ठ दिसतात.

आणि डीएस? २००४ साली आलेल्या या यंत्रात अ‍ॅडव्हान्सचा आर्म प्रोसेसर ठेवलेला आहे, त्यामुळे अ‍ॅडव्हान्सच्या कॅसेटी त्यात चालतात. पण आठ-बिटी आजोबांना निरोप दिला गेला. ते नाहीत, तर त्यांची कॅसेट घेऊन काय करायचे? म्हणून खाचच अशी बनवली की जुनी कॅसेट शिरू नये. मित्राच्या यंत्रात काही बिघाड नव्हता.

वेगाचे दुखणे

तुम्हांला वाटेल, नवे यंत्र वेगवान आहे तर जुना खेळ त्यात अधिकच छान चालायला हवा. उलट आहे. जुन्या खेळाच्या दृष्टीने वेग हे संकट आहे. खेळाच्या कर्त्याने ठोकळा किती वेळाने खाली सरकावा हे ठरवताना यंत्राचे ठोकेच मोजलेले असतात. ठोके दुप्पट झाले की ठोकळेही दुप्पट वेगाने कोसळणार. आजीकडे जुनी ७८ ची तबकडी असेल आणि ग्रामोफोनची कळ ४५ वर राहिली असेल तर गायिकेचा आवाज कसा घोगरा होतो, ते एकदा ऐका. गाणे तेच, पण वेग गेला की सूर गेला.

याचे एक खरेखुरे उदाहरण घडले आहे. १९९४ साली निन्टेंडोने 'सुपर गेम बॉय' नावाचे जोडयंत्र काढले. गेम बॉयची कॅसेट त्यात खोचायची आणि ते जोडयंत्र टीव्हीवरील मोठ्या यंत्राला लावायचे. आत खरा गेम बॉयचाच प्रोसेसर होता. पण त्याला स्वतःचा स्फटिक दिला नव्हता. मोठ्या यंत्राच्या ठोक्यांना पाचाने भागून काम चालवले होते. जपान-अमेरिकेतील यंत्रांत हा भागाकार सेकंदाला सुमारे ४२,९५,००० ठोके असा येई. मूळच्या ४१,९४,३०४ ला त्याने भागा: १.०२४. म्हणजे खेळ २.४ टक्के जलद! दहा मिनिटांचा डाव नऊ मिनिटे सेहेचाळीस सेकंदांत आटोपे. संगीतही चढे. शेजारच्या दोन स्वरांतील, म्हणजे पेटीच्या लगतच्या दोन पट्ट्यांतील गुणोत्तर १.०५९ असते, तेव्हा सूर अर्ध्या पट्टीपेक्षा किंचित कमी चढला. सारे स्वर एकाच गुणोत्तराने चढल्याने चाल बिघडत नसे, फक्त सा वर सरके. ज्याने मूळ खेळ शंभरदा ऐकला आहे त्याच्या कानाला मात्र ते खटके. १९९८ साली जपानमध्ये निघालेल्या दुसऱ्या आवृत्तीत स्वतंत्र स्फटिक बसवला आणि सूर जागेवर आला.

गेम बॉय अ‍ॅडव्हान्समध्ये हा घोळ होऊ दिलेला नाही. त्याचे ठोके सेकंदाला १,६७,७७,२१६ आहेत, म्हणजे जुन्याच्या बरोबर चौपट, ना एक कमी ना एक जास्त. शिवाय जुना गेम बॉय एक चित्र पूर्ण करायला ७०,२२४ ठोके घेई, तर अ‍ॅडव्हान्स २,८०,८९६ घेतो. भागून पाहा. दोन्ही पडदे सेकंदाला ५९.७३ चित्रेच दाखवतात. नव्या यंत्राच्या आराखड्यात जुन्याचा ताल असा मुद्दाम जपलेला आहे. मला तरी हा भागाकार पाहून जितका आनंद झाला तितका खेळ खेळून झाला नाही.

नातवाचा तक्ता

आता दुसरा उपाय: आजोबा नाहीत, फक्त तक्ता आहे. २०११ च्या निन्टेंडो ३डीएसवर आणि २०१७ च्या स्विचवर गेम बॉयचे खेळ खेळता येतात ते असे. यात जुना प्रोसेसर नसतो; नवा प्रोसेसर जुन्याचे सोंग घेतो. या सोंगाला 'एम्युलेटर' म्हणतात.

एम्युलेटरचे काम असे चालते. खेळातील एक संख्या घ्यायची. तक्त्यात पाहायचे: ६०, म्हणजे अ कप्प्यात एक मिळवायचा. स्मृतीतील एका जागेला 'अ कप्पा' असे नाव दिलेले असते. तेथील संख्या एकाने वाढवायची. मग वहीत नोंद करायची की या कामाला जुन्या प्रोसेसरने चार ठोके घेतले असते. चार ठोक्यांत पडद्यावरची ओळ किती पुढे सरकली असती? आवाज कोठवर आला असता? तेही सरकवायचे. मग पुढची संख्या. जुन्या प्रोसेसरच्या एकेका आज्ञेसाठी नव्याला अशी कितीतरी कामे करावी लागतात, म्हणूनच त्याला पुष्कळ वेग लागतो. हा सारा खटाटोप करूनही नवा प्रोसेसर एका चित्राचे काम वेळेच्या बराच आधी उरकतो आणि मग सेकंदाचा साठावा भाग पुरा होईपर्यंत नुसता थांबून राहतो. धावत जाऊन दारात उभे राहायचे, आणि घंटा झाल्यावरच आत शिरायचे!

सर्वांत कठीण आहे ती ठोक्यांची वही. पडद्यावर ओळ काढली जात असताना खेळाने चित्राच्या स्मृतीला हात लावायचा नाही, असा जुन्या यंत्राचा नियम होता. कुशल कर्ते दोन ओळींमधल्या फटीत आपली कामे उरकीत, एकेक ठोका मोजून. एम्युलेटरची वही थोडी जरी चुकली तरी असे खेळ वेडेवाकडे दिसतात.

दुसरी एक अडचण तुम्ही ध्वनीच्या धड्यात वाचली आहे. गेम बॉयची चित्रे सेकंदाला ५९.७३, आणि नवा पडदा समजा ६० चित्रे दाखवणारा. तंबोऱ्याच्या दोन तारा जवळजवळ एका सुरात असल्या की आवाज लहरताना ऐकू येतो. सेकंदाला जितका फरक तितक्या लहरी. येथे फरक ०.२७ चा. एक भागिले ०.२७, म्हणजे दर पावणेचार सेकंदांच्या सुमारास पडद्याला एक चित्र कमी पडते. मग एक तर तेच चित्र दोनदा दाखवायचे आणि बारीकसा हिसका सोसायचा, नाही तर सगळा खेळ अर्धा टक्का जलद पळवायचा. तिसरा मार्ग म्हणजे पडद्याचाच ताल बदलणे.

जुना पडदा मंद होता, हाही एक गुणच ठरला होता! गेम बॉयच्या पडद्यावरचे चित्र पुसले जायला वेळ लागे. हलणाऱ्या वस्तूमागे पुसट शेपूट दिसे. काही कर्त्यांनी या दोषाचा फायदा घेतला. एखादी आकृती एका चित्रात दाखवायची, पुढच्यात लपवायची. मंद पडद्यावर ती अर्धपारदर्शक दिसे, सावलीसारखी. आजच्या चपळ पडद्यावर तीच आकृती डोळ्यांपुढे फडफडते. म्हणून काही एम्युलेटर लागोपाठची दोन चित्रे मुद्दाम एकमेकांत मिसळून दाखवतात.

आलेखाचा कागद असेल तर आणखी एक प्रयोग करा. डीएसचा पडदा २५६ बाय १९२ बिंदूंचा. ३डीएसवर डीएसचे खेळ चालतात, तेव्हा ते चित्र ३२० बाय २४० इतके वाढवले जाते, म्हणजे सव्वापट. आता कागदावर चार चौकोन घ्या: काळा, पांढरा, काळा, पांढरा. हेच पाच चौकोनांत बसवा. बसतात का? एक तर कोणता तरी चौकोन दुप्पट रुंद करावा लागेल, नाही तर मधले चौकोन करडे करावे लागतील. ३डीएसवर डीएसचे खेळ किंचित धूसर दिसतात ते यामुळे. खेळ सुरू करताना स्टार्ट किंवा सिलेक्ट बटण दाबून धरले तर चित्र मूळ आकारात, लहान पण स्वच्छ दिसते. दुप्पट किंवा तिप्पट करणे सोपे. सव्वापटीचे दुखणे निराळेच.

आता राहिला तिसरा प्रश्न, आतेभावाच्या खेळाचा.

कोरलेल्या संख्या टिकाऊ असतात. पण खेळाडू कोठवर पोचला, हे खेळ सुरू असताना लिहावे लागते. त्या काळी स्वस्तात लिहिता येणारी स्मृती वीज गेली की कोरी होई. म्हणून टेट्रिसमधील गुण यंत्र बंद करताच पुसले जातात. पोकेमॉनसारख्या लांबलचक खेळांच्या कॅसेटीत या स्मृतीला जागे ठेवण्यासाठी नाण्याच्या आकाराचा ३ व्होल्टचा लिथियम सेल बसवलेला असतो. सीआर २०२५ जातीच्या सेलची क्षमता सुमारे १६० मिलिअँपिअर-तास असते. स्मृती समजा एक मायक्रोअँपिअर प्रवाह खाते. १६० मिलि म्हणजे १,६०,००० मायक्रो. म्हणून १,६०,००० तास. वर्षाचे तास ८,७६०. भागाकार सव्वाअठरा वर्षे! काही कॅसेटीत याहून लहान सेल असतो आणि सेल स्वतःही हळूहळू झिजतो. १९९९ सालच्या 'पोकेमॉन गोल्ड'मध्ये तर दिवस-रात्र दाखवण्यासाठी घड्याळही चालत असते. तेथे प्रवाह अधिक, आयुष्य कमी. म्हणजे त्या पिढीतील कॅसेटींचे सेल एकामागून एक संपण्याचे दिवस आले आहेत, काहींचे केव्हाच संपले. खेळ शाबूत राहतो, पण खेळणाऱ्याची खूण जाते. शिवाय जुना सेल काढून नवा लावतानाही मधल्या क्षणी सारे पुसले जाते. आधी ती नोंद दुसरीकडे उतरवून घ्यावी लागते.

कोणी म्हणेल, जुन्या कॅसेटी कशाला, एम्युलेटरवरच खेळावे. 'पोकेमॉन रेड' २०१६ साली ३डीएसवर विकत मिळू लागला होता. पण त्या यंत्राचे दुकान २७ मार्च २०२३ रोजी बंद झाले. फेब्रुवारी २०२३ पासून स्विचवर गेम बॉयचे काही खेळ मिळतात, पण ते वर्गणी भरत असेपर्यंत. अमेरिकेत २०१० पूर्वी प्रसिद्ध झालेल्या खेळांपैकी ८७ टक्के खेळ आज सरळ दुकानातून विकत घेता येत नाहीत, असे तेथील व्हिडिओ गेम हिस्टरी फाउंडेशनच्या २०२३ च्या पाहणीत आढळले. दुसऱ्याच्या खेळाची नक्कल परवानगीवाचून उतरवणे कायद्यात बसत नाही, हेही लक्षात ठेवा. सगळा हिशेब मांडल्यावर मला स्वतःला ती खाचेतली चिमुकली कळच अधिक भरवशाची वाटते. तिला वर्गणी लागत नाही.

शनिवारी आम्ही खास स्क्रू-ड्रायव्हर मिळवून लाल कॅसेट उघडली. (हा उद्योग घरी एकट्याने करू नका. लिथियमच्या सेलला कधीही थेट डाग द्यायचा नसतो. तापला तर फुटतो.) मल्टिमीटरची टोके सेलला अलगद लावली. २.७ व्होल्ट. नव्या सेलला तीन असतात, आणि या जातीच्या सेलचा दाब बहुतेक आयुष्यभर जवळपास तेवढाच राहून शेवटी मात्र झपाट्याने उतरतो.

विद्यार्थ्याने आकडा वहीत लिहिला, पुढे तारीख टाकली. मग कॅसेट बंद करून यंत्रात घातली. चिमुकली कळ दाबली गेल्याचा आवाज काही आला नाही, पण तांबूस पडदा उजळला. आतेभावाचे नाव आणि शेजारी खेळलेले तास: ८७. त्याने लगेच फोन काढून पडद्याचा फोटो घेतला आणि आतेभावाला पाठवला. नोंद उतरवून घेण्याचे उपकरण कोणाकडे आहे, याचा शोध आता चालू आहे. तोवर दर शनिवारी आम्ही सेलचा दाब मोजतो.